छोट्या सिनेमातली मोठी भूमिका : 'हो' म्हणण्याआधी आणि त्यानंतर

गोरेगावात खोली घेऊन राहणाऱ्या होतकरू नटांचा नकाशा साधारण ठरलेला असतो. काही जण पूर्वेला संतोषनगर, दिंडोशी, गोकुळधामच्या बाजूला राहतात, कारण चित्रनगरी जवळ. काही पश्चिमेला मोतीलालनगर, बांगूरनगरात, कारण तिथून वर्सोव्याच्या आरामनगरात ऑडिशनला जायला सोपं. दिवस आरामनगरातल्या बंगल्यांच्या दारांत जातो. आतून कास्टिंगवाल्याचा मदतनीस येतो, रांगेतले चेहरे बघतो आणि 'नॉट फिट, नॉट फिट' म्हणत निम्मी रांग मोकळी करतो. एखाद्या मालिकेत दोन दिवसांचं इन्स्पेक्टरचं काम मिळतं, त्याचे पैसे तीन महिन्यांनी येतात. आणि मग कधीतरी फोन येतो : 'मराठी फिल्म आहे. इंडिपेंडंट आहे, बजेट नाहीये. पण लीड आहे.'

हा लेख त्या फोनसाठी आहे. होकार द्यायचा का, दिला तर कोणत्या बोलीवर, आणि चित्रीकरण संपल्यावरच्या लांबलचक काळात काय करायचं, एवढंच यात आहे.

माझं मत आधीच मांडतो. छोट्या सिनेमातून नटाला पुरावा मिळतो, करिअर मिळत नाही. हा माणूस दीड-दोन तास पडदा धरून ठेवू शकतो, असा तो पुरावा. शोरीलमधल्या पाच जाहिराती आणि तीन मालिकांचे तुकडे मिळूनही ते सिद्ध होत नाही. पण पुरावा हातात आल्यावर तो कुणापुढे ठेवायचा, कधी ठेवायचा, हे काम नटालाच करावं लागतं. बहुतेक जण ते दिग्दर्शकावर, निर्मात्यावर किंवा नशिबावर सोडून देतात.

गोरेगावकरांना एक गोष्ट जरा विचित्र वाटेल. इथे १९४३पासून फिल्मिस्तान होतं, १९७७पासून चित्रनगरी आहे. महाराष्ट्र चित्रपट, रंगभूमी आणि सांस्कृतिक विकास महामंडळाचं कार्यालयही त्याच आवारात. तरीही गेल्या पंधरा वर्षांत ज्या तरुण मराठी चेहऱ्यांची चर्चा झाली, त्यातले बरेचसे या फाटकातून आत आलेच नाहीत. ते करमाळ्यातून आले, अकलूजहून आले, नगर जिल्ह्यातून आले, कॉलेजच्या एकांकिकेतून आले. चित्रनगरीच्या दारात राहण्याचा उपयोग भाडं भरण्यापुरतं काम मिळण्याला नक्की होतो. पण पुरावा ठरेल असा सिनेमा चित्रनगरीबाहेर जुळत असतो, आणि तो ऑडिशनच्या ग्रुपवर क्वचितच येतो.

मग तो जुळतो कुठे? नागराज मंजुळेंच्या पहिल्या तीन कामांकडे पाहा. 'पिस्तुल्या' हा लघुपट. त्यातला मुलगा सूरज पवार. लघुपटाला पदार्पणाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मग 'फँड्री' आला, त्यात सूरज नायकाचा मित्र झाला. मग 'सैराट', त्यात तोच नायिका आर्चीचा भाऊ प्रिन्स. सहा-सात वर्षांत लघुपट, छोटा सिनेमा आणि मराठीतला सर्वांत गाजलेला सिनेमा, तिन्हींत एकच मुलगा, कारण दिग्दर्शक एकच. 'सैराट'ला स्वतंत्र सिनेमा म्हणणं ओढूनताणून होईल, त्याच्यामागे झी स्टुडिओज होतं. पण तिथपर्यंतची वाट स्वतंत्र सिनेमाचीच होती. छाया कदमही त्याच वाटेनं दिसल्या : 'फँड्री'त नायक जब्याची आई, 'सैराट'मध्ये अक्का, आणि २०२४मध्ये कानला ग्रां प्री मिळवणाऱ्या 'ऑल वी इमॅजिन ॲज लाइट'मध्ये. मधल्या दहा वर्षांत त्यांनी किती लहानमोठी कामं केली, हे त्यांची कारकीर्द पाहणाऱ्याला ठाऊक आहे.

म्हणून माझा पहिला सल्ला : भूमिका निवडण्याआधी दिग्दर्शक निवडा. त्याचा लघुपट मागा. लघुपट नसेल तर त्यानं बसवलेली एकांकिका कुठे झाली ते विचारा. दोन्ही नसेल, फक्त एक डेक आणि मोठमोठ्या परदेशी सिनेमांची नावं असतील, तर सावध व्हा. लघुपटात नटांचं काम कसं आहे तेवढंच बघा; कॅमेऱ्याच्या करामती बाजूला ठेवा. साध्या नटाकडून त्यानं खरं काही काढून घेतलं आहे का? ज्या दिग्दर्शकाला नटाशी बोलता येतं, तो पुढच्या सिनेमात मोठा झाला तर तुम्हाला बरोबर घेऊन जातो. भाऊराव कऱ्हाडे यांनी जमीन विकून 'ख्वाडा' केला. त्याचा नायक भाऊसाहेब शिंदे त्यांच्याच 'बबन'मध्येही नायक होता, आणि पुढे 'रौंदळ'मध्ये त्याचं नाव स्वतःच्या बळावर पोस्टरवर आलं.

पार्ल्याच्या डहाणूकर महाविद्यालयातून एकांकिका करणाऱ्या प्रथमेश परबचं उदाहरण उपनगरातल्या मुलांना जवळचं वाटेल. त्याचा 'बालक-पालक' एकांकिकेवरूनच झाला, जानेवारी २०१३मध्ये आला, आणि एका वर्षानं त्याच दिग्दर्शकाचा, रवी जाधवांचा, 'टाइमपास' आला. प्रथमेशचा दगडू घराघरांत पोचला. तेव्हा एकांकिकांकडे लहानपणाची हौस म्हणून बघू नका. पुरुषोत्तम, आयएनटी, लोकांकिका, सवाई या एकांकिका स्पर्धांच्या प्रेक्षकांत उद्याचे दिग्दर्शक आणि लेखक बसलेले असतात. रंगमंचावरही असतात. कॉलेज संपलं असेल तर परीक्षक किंवा प्रेक्षक म्हणून तरी जा. प्रयोग संपल्यावर ज्या लेखकाचं काम आवडलं त्याला गाठा. आरामनगरातल्या सहा ऑडिशनांपेक्षा हे जास्त कामी येतं, असं माझं निरीक्षण आहे. पटलं नाही तर एक वर्ष करून बघा.

आणखी एक वाट आहे, ती नट टाळतात : कॅमेऱ्याच्या मागची. विकी कौशल 'गँग्ज ऑफ वासेपूर'वर सहायक होता. त्याच सिनेमावर नीरज घायवान हा मराठी तरुणही सहायक होता. तीन वर्षांनी, २०१५मध्ये, नीरजचा 'मसान' कानच्या महोत्सवात होता आणि विकी त्याचा नायक होता. सहायक म्हणून राबणाऱ्या माणसाला दिग्दर्शकाचा स्वभाव दिसतो आणि दिग्दर्शकाला त्याचा. ऑडिशनच्या चार मिनिटांत हे होत नाही. तुम्हाला क्लॅप मारायला, कंटिन्युइटी लिहायला बोलावलं तर नाक मुरडू नका. आपण नट आहोत हे पहिल्या दिवशीच सांगून ठेवा, मग गप्प काम करा.

आता फोनवर पुढे काय विचारायचं. मी सगळ्यांत आधी विचारीन : सिनेमा पूर्ण करायला पैसे आहेत का? चित्रीकरणाला नव्हे, पूर्ण करायला. छोटे सिनेमे चित्रीकरणात सहसा मरत नाहीत. ते संकलनाच्या टेबलावर, ध्वनीच्या कामात, रंगसंस्काराच्या बिलात अडकतात. 'पोस्टचे पैसे शूट झाल्यावर उभे करू' हे वाक्य ऐकलंत तर नकार द्याच असं मी म्हणत नाही, पण धोका किती आहे ते ओळखून होकार द्या. पुढचा प्रश्न : सिंक साउंड आहे की डबिंग? सिंक साउंड असेल तर तुमचा आवाज, तुमची बोली, तुमचा श्वास सगळं सिनेमात राहतं आणि पुराव्याची किंमत वाढते. डबिंग असेल तर ते तुम्हीच करणार, हे लेखी घ्या. दुसऱ्याच्या आवाजात बोलणारा नायक कास्टिंगवाल्याला अर्धाच दिसतो.

'लीड' या शब्दानं हुरळू नका. पूर्ण संहिता मागा आणि एकच गोष्ट शोधा : बाकीचा सिनेमा माहीत नसलेल्या माणसालाही कळेल असा, तीन-चार मिनिटांचा, तुमच्यावर उभा राहणारा एखादा प्रसंग आहे का? पुढे वर्षानुवर्षं तुम्ही तोच पाठवणार आहात. असा प्रसंग नायकाच्या भूमिकेत नसेल आणि बहिणीच्या भूमिकेत असेल तर बहीण मागा. पार्थ भालेराव 'किल्ला'चा नायक नव्हता. अर्चित देवधरच्या नायकाचा मित्र होता. राष्ट्रीय पुरस्कारांत विशेष उल्लेख झाला तो पार्थचा, 'किल्ला' आणि 'भूतनाथ रिटर्न्स' या दोन्हींसाठी.

कागदाविषयी थोडं सविस्तर बोलू, कारण इथे मैत्रीच्या नावाखाली सगळ्यांत जास्त घोळ होतात. 'आपण सगळे मिळून करतोय' हे खरं असतं आणि चांगलंही असतं. म्हणूनच ते कागदावर यायला हवं. दोन पानांचा मराठीत लिहिलेला करारही चालेल, त्यासाठी मोठा वकील लागत नाही. मानधन किती आणि कोणत्या तारखांना, हे त्यात हवं. मानधन नसेल तर 'नाही' असं स्पष्ट हवं, आणि मग सिनेमा विकला गेला तर तुमचा वाटा किती तेही हवं. 'शासनाचं अनुदान आलं की देतो' हे कलम मान्य करू नका. ते अनुदान तयार झालेल्या चित्रपटाला परीक्षण समितीनं पाहिल्यावर, दर्जा ठरल्यावर मिळतं. त्याला किती वेळ लागेल हे निर्मात्याच्याही हातात नसतं. किमान प्रवास, जेवण, राहणं आणि एक ठरावीक रोजची रक्कम चित्रीकरणाच्या काळातच मिळायला हवी. उपाशी नट उदात्त दिसत असेल, पण त्याला चौदा तास उभं राहता येत नाही.

श्रेयनामावलीत नाव कुठे आणि कोणत्या क्रमानं येणार, पोस्टरवर येणार का, हेही लिहून घ्या. केस-दाढी-वजन किती महिने तसंच ठेवायचं आणि चित्रीकरण लांबलं तर काय, हे लिहा. चार महिने वाढवलेल्या दाढीपायी मालिकेचं काम सोडावं लागलेली मुलं गोरेगावात प्रत्येक गल्लीत सापडतील. जवळिकीची, मारहाणीची, पाण्यातली दृश्यं असतील तर ती आधी वाचायला मिळावीत, ठरल्यापेक्षा जास्त काही करायला लावलं जाऊ नये. 'पुढच्या तीन सिनेमांसाठी बांधील' असं कलम असेल तर ते मानधनाशिवाय मान्य करू नका. आणि सगळ्यांत महत्त्वाचं, जे जवळजवळ कुणी मागत नाही : प्रदर्शनानंतर तुमचे दोन प्रसंग शोरीलसाठी वापरण्याची लेखी परवानगी, आणि सिनेमा ठरावीक मुदतीत प्रदर्शित झाला नाही तरी ते प्रसंग कास्टिंग डायरेक्टरना खासगीत दाखवण्याची मुभा.

पैसे मागणाऱ्यांबद्दल एका वाक्यात : ऑडिशन, 'कार्ड', पोर्टफोलिओ, कोऑर्डिनेशन किंवा 'निर्मितीत भागीदारी' या नावाखाली नटाकडून पैसे मागणारा माणूस तुम्हाला सिनेमा देत नसतो, तुमच्याकडून घेत असतो. लैंगिक छळाचा अनुभव आला तर छोट्या युनिटलाही कायदा लागू आहे. दहा किंवा जास्त माणसं काम करत असतील तिथे २०१३च्या कायद्यानं अंतर्गत समिती असायला हवी. तीत कोण आहे, हे पहिल्याच दिवशी विचारा. विचारल्यानं राग येत असेल अशा युनिटमध्ये काम न केलेलं बरं.

पालकांसाठी काही वेगळं सांगायला हवं, कारण मराठी स्वतंत्र सिनेमाचे मोठे चेहरे बहुधा लहान मुलंच राहिली आहेत. 'श्वास'चा अश्विन चितळे, 'टिंग्या'चा शरद गोयेकर, 'फँड्री'चा सोमनाथ अवघडे, 'नाळ'चा श्रीनिवास पोकळे, या सगळ्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. २०२५मध्ये जाहीर झालेल्या पुरस्कारांतही 'नाळ २'ची तीन मुलं आणि 'जिप्सी'चा कबीर खंदारे होते. तुमच्या सोसायटीतल्या मुलाला असं काम आलं तर कायदा काय म्हणतो ते माहीत असू द्या. बालकामगार कायद्यातली २०१६ची दुरुस्ती आणि २०१७चे नियम यांनुसार बालकलाकारानं दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम करायचं नाही, आणि विश्रांतीशिवाय सलग तीन तासांपेक्षा जास्त नाही. निर्मात्यानं ज्या जिल्ह्यात चित्रीकरण आहे तिथल्या जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी घ्यायची असते. गोरेगावात होत असेल तर ते मुंबई उपनगर जिल्हाधिकारी, वांद्रे पूर्व. मुलाच्या कमाईतला किमान वीस टक्के भाग त्याच्या नावानं बँकेत मुदत ठेवीत जायला हवा. सलग सत्तावीस दिवसांपेक्षा जास्त काम नाही. शिक्षण थांबता कामा नये. युनिट ही परवानगी दाखवायला टाळाटाळ करत असेल तर आईवडिलांनी 'मुलाची संधी जाईल' या भीतीनं गप्प बसू नये.

कायद्यात न लिहिलेलं एक आहे. प्रसिद्धी मुलाच्या शाळेच्या दप्तरात शिरते. 'सैराट'नंतर त्याची नायिका रिंकू राजगुरू हिला दहावीची परीक्षा बाहेरून द्यावी लागली, कारण शाळेत जाणंच अवघड झालं होतं. आणि याउलटही होतं. केम गावच्या सोमनाथ अवघडेला मंजुळेंनी हलगी वाजवताना पाहिलं होतं. 'फँड्री' २०१४ला आला, राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि नायक म्हणून तो पुन्हा 'फ्री हिट दणका'मध्ये दिसला २०२१ला. मुलगा मधल्या काळात मोठा होतो, आवाज फुटतो, चेहरा बदलतो. लोकांच्या डोळ्यांसमोरचा जब्या मात्र तेवढाच राहतो. या सात वर्षांना अपयश म्हणणारे लोक मला आवडत नाहीत. मुलांनी त्या वयात शिकायचंच असतं. पण घरातल्यांनी पहिल्याच दिवशी मनाशी बांधून ठेवावं की पुरस्कार आणि पुढचं काम यांच्यात सरळ रस्ता नसतो.

चित्रीकरणाविषयी मी फार लिहीत नाही, ते दिग्दर्शक शिकवेल. दोनच सूचना. भूमिकेची बोली त्या गावात जाऊन ऐका. पडद्यावरची 'गावरान' मराठी ऐकून बोलाल तर सोलापूरचा प्रेक्षक पहिल्या वाक्याला हसेल. आणि युनिटच्या छायाचित्रकाराकडून काम चालू असतानाचे चार चांगले फोटो निर्मात्याच्या परवानगीनं मिळवून ठेवा. नंतर ते कुणाच्या तरी जुन्या लॅपटॉपबरोबर हरवतात.

खरी परीक्षा सुरू होते पॅकअपनंतर. 'कोर्ट' सप्टेंबर २०१४मध्ये व्हेनिसहून दोन पुरस्कार घेऊन आला. आपल्याकडे थिएटरांत लागला १७ एप्रिल २०१५ला, राष्ट्रीय पुरस्कार जाहीर झाल्यावर. 'किल्ला' फेब्रुवारी २०१४मध्ये बर्लिनला मुलांच्या ज्यूरीचा क्रिस्टल बेअर जिंकला आणि प्रदर्शित झाला जून २०१५मध्ये, म्हणजे सोळा महिन्यांनी. रोहन कानवडेंचा 'साबर बोंडं' जानेवारी २०२५मध्ये सन्डान्सहून ज्यूरीचा सर्वोच्च पुरस्कार घेऊन आला, आणि सप्टेंबरमध्ये थिएटरांत. हे सगळे यशस्वी सिनेमे आहेत. चित्रीकरण ते पहिला महोत्सव हा काळ यात धरलेलाच नाही. बाकीच्यांचा काळ याहून लांब असतो, हे गृहीत धरा. तेवढा काळ 'माझी फिल्म येतेय' एवढ्यावर गोरेगावचं भाडं भरता येत नाही.

म्हणून त्या काळात मालिका करा, जाहिरात करा, डबिंग करा, शिकवण्या घ्या. कमीपणा कशातच नाही. दर सहा महिन्यांनी नवे साधे फोटो काढा, कारण सिनेमातला चेहरा आणि तुमचा आजचा चेहरा यांत फरक पडलेला असतो. प्रोफाइलमध्ये सिनेमाचं नाव, दिग्दर्शकाचं नाव, भूमिका आणि 'निर्मितीनंतरच्या टप्प्यात' एवढंच लिहा. सेटवरचे व्हिडिओ टाकून सिनेमा आधीच फोडू नका. दिग्दर्शकाचा विश्वास एकदा गेला की पुढच्या सिनेमातलं तुमचं नावही जातं. आणि नाटक सोडू नका. गीतांजली कुलकर्णी 'कोर्ट'मधली सरकारी वकील झाल्या तेव्हा राष्ट्रीय नाट्य विद्यालय आणि बरीच वर्षं रंगभूमी त्यांच्या गाठीशी होती. 'कोर्ट'नं त्यांना फक्त दाखवलं. त्याच सिनेमाचे निर्माते-नट विवेक गोम्बर आणि गीतांजली, दोघेही पुढे रोहेना गेरा यांच्या 'सर'मध्ये होते. गीतांजली पुढे 'गुल्लक'मधून उत्तर भारतातल्या घरांत पोचल्या. सिनेमाची माणसं एकमेकांचे सिनेमे पाहतात आणि त्यातून माणसं उचलतात, हे इतक्या सरळपणे क्वचित दिसतं.

महोत्सव आला की नटानं तिथे असावं, असं मी आग्रहानं म्हणतो. परदेशातल्या महोत्सवाला जायचं तिकीट छोट्या निर्मात्याकडे नसतं, त्यावर रुसू नका. पण मुंबईचा मामि, पुण्याचा पिफ, थर्ड आय, गोव्याचा इफ्फी हे आवाक्यातले आहेत. प्रतिनिधी पास स्वतःच्या पैशानं काढा, आधी सांगून ठेवा म्हणजे प्रश्नोत्तरांना दिग्दर्शक मंचावर बोलावेल. त्या दोन मिनिटांत स्वतःच्या संघर्षाची कहाणी सांगू नका. भूमिकेबद्दल एक नेमकी गोष्ट सांगा. सभागृहात समीक्षक, इतर दिग्दर्शक, त्यांचे सहायक असतात. सहायकांशी ओळख करा. उद्या तेच सिनेमा करणार आहेत.

कास्टिंग डायरेक्टर मात्र महोत्सवाला येईल या भरवशावर राहू नका. दिग्दर्शकाची परवानगी घेऊन त्याला सिनेमाची खासगी लिंक आणि पासवर्ड पाठवा, आणि निरोपात लिहा : अमुक मिनिटापासून तीन मिनिटं पाहा. पूर्ण सिनेमा पाहायला त्याला वेळ नाही, आणि हा त्याचा दोष नाही. प्रदर्शनाची तारीख ठरली की पुन्हा एक निरोप. पहिलं परीक्षण आलं की त्यातलं तुमच्या कामाबद्दलचं वाक्य, कात्री न लावता. यापेक्षा जास्त निरोप गेले तर तुमचा नंबर म्यूट होतो.

प्रदर्शनानंतर दोन-तीन महिने फोन वाजतात, आणि बहुतेक वेळा त्याच भूमिकेसाठी. हातात कोयता असलेला गावचा पोरगा गाजला की आणखी चार कोयते येतात. सगळे नाकारा असं सांगणारे लोक स्वतः भाडं भरत नसतात. प्रथमेश परबनं दगडू एकदा केला आणि २०२२मध्ये 'टाइमपास ३'मध्ये पुन्हा केला. त्या ओळखीनं त्याला प्रेक्षक दिला. 'सैराट'चा नायक आकाश ठोसर मात्र त्यानंतर दोनच वर्षांत 'लस्ट स्टोरीज'मध्ये वेगळ्याच भूमिकेत दिसला. दोन्ही रस्ते चालतात. मी एवढंच पाहीन की पहिल्या तीन कामांत निदान एक असं असावं, ज्यात तुम्ही वेगळी बोली बोलता, वेगळ्या वर्गातले दिसता किंवा वेगळ्या वयाचे. उषा जाधवला 'धग'साठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि २०१९च्या इफ्फीत सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरली ती 'माई घाट'साठी, म्हणजे पुन्हा एका छोट्या सिनेमातूनच. मोठा सिनेमा मिळाल्यावर छोट्याकडे पाठ फिरवायची नसते, हे तिच्याकडे पाहून कळतं.

शिवाय नट होणं सक्तीचं नाही. 'द डिसायपल'चा नायक आदित्य मोडक शास्त्रीय गायक आहे आणि त्याची ओळख आजही तीच आहे. एका सिनेमात मनापासून काम करून आपल्या कामाला परत जाणाऱ्यांना उगीच 'गायब झाला' म्हणू नये.

आता जे कुणी बोलत नाही त्याविषयी. सिनेमा लागला पण पाहायलाच मिळाला नाही तर? भाऊराव कऱ्हाडे यांचा 'टीडीएम' एप्रिल २०२३मध्ये आला, त्याला पुरेसे शो मिळाले नाहीत, आणि त्यातले नवे कलाकार प्रेक्षकांसमोर रडताना साऱ्या महाराष्ट्रानं मोबाइलवर पाहिले. दिग्दर्शकाचं नाव असूनही हे होतं. अशा वेळी तक्रार निर्मात्यानं करावी. नटानं प्रेक्षक आणावा. आपल्या कॉलेजात, गावात, प्रभात चित्र मंडळासारख्या फिल्म सोसायटीत, उपनगरातल्या एखाद्या संस्थेच्या सभागृहात खेळ लावता येतो का ते विचारा. शंभर लोकांसमोरच्या खेळानंतर होणाऱ्या गप्पांतून काम मिळतं.

आणि सिनेमा पूर्णच झाला नाही तर निर्मात्याच्या दारात वर्षभर खेटे घालू नका. करारातलं शोरीलचं कलम काढा आणि दिग्दर्शकाबरोबर बसून आपला तो तीन मिनिटांचा प्रसंग निवडा. कच्च्या संकलनातला असला, रंग केलेला नसला, मागे पार्श्वसंगीत नसलं तरी चालतं. कास्टिंगवाल्याला अशा गोष्टींची सवय असते. कोपऱ्यात वॉटरमार्क राहू द्या, निर्मात्याला लेखी कळवा, आणि पाठवा. करारात ते कलम नसेल तर आजच्या आज दिग्दर्शकाला फोन करा, संकलकाच्या हार्ड डिस्कवर फुटेज आहे तोपर्यंत. जागा कमी पडली की पहिल्यांदा असेच अर्धवट सिनेमे पुसले जातात.